दोन तोंडांचे निळे फुलपाखरू

फुलपाखराला शेपटी कशाला हवी? मुलांबरोबर रानात फिरायला गेले की हा प्रश्न हमखास येतो. मोठ्यांनाही तो पडलेला असतो, फक्त ते विचारत नाहीत. गाय शेपटीने माश्या वारते, वानर शेपटीने तोल सांभाळते, पक्षी तिच्या जोरावर हवेत वळतो. पण फुलपाखराच्या मागच्या पंखाला केसाएवढा बारीक धागा लोंबतो, तो कशाच्या उपयोगाचा? त्याने माशी हलत नाही की तोल सावरत नाही.

उत्तर शोधायला आपल्या सह्याद्रीतच एक नामी उमेदवार आहे. वरून लखलखीत निळा, खालून राखाडी, आणि मागे दोन्ही बाजूंना मिळून चार शेपट्या. त्याच्या प्रजातीचे शास्त्रीय नाव ताजुरिया.

१. ताजुरिया म्हणजे कोण?

प्रजाती म्हणजे अगदी जवळच्या नात्यातल्या जातींचा गट. वाघ, सिंह आणि बिबट्या या तीन वेगळ्या जाती, पण तिघांची प्रजाती एकच, पँथेरा. तसाच ताजुरिया हा तीसहून अधिक जातींचा गट आहे. भारत आणि श्रीलंकेपासून म्यानमार, मलेशिया, इंडोनेशिया, फिलिपिन्सपर्यंत, म्हणजे उष्ण आणि ओलसर आशियात तो पसरलेला आहे. फ्रेडरिक मूर या इंग्रज कीटकतज्ज्ञाने १८८१ साली श्रीलंकेच्या फुलपाखरांवर लिहिताना ही प्रजाती वेगळी काढली.

त्यातली आपल्याकडे भेटण्याची सर्वांत जास्त शक्यता असलेली जात म्हणजे ताजुरिया सिप्पस. लिनियसचा शिष्य फाब्रिसियस याने १७९८ मध्ये तिचे वर्णन केले. इंग्रजीत तिला पीकॉक रॉयल म्हणतात. ताजुरियाच्या कुळातल्या, म्हणजे ती ज्या मोठ्या गटात मोडते त्यातल्या, फुलपाखरांना रॉयल, इम्पीरियल अशी बडी नावे देण्याची इंग्रजांना फार हौस होती. आकार पाहिला तर ती थट्टाच वाटते. पंख पूर्ण पसरले तरी या 'राजा'ची रुंदी जेमतेम चार सेंटिमीटर भरते.

नर आणि मादी वेगळे दिसतात. नराच्या पंखांची वरची बाजू झगझगीत निळी, टोकाकडे काळी. मादीचा निळा फिकट आणि धुरकट. खालची बाजू दोघांचीही साधी, फिकट राखाडी, त्यावर एक बारीक काळी रेघ. मागच्या प्रत्येक पंखाला दोन शेपट्या, एक लांब आणि एक आखूड. काळ्या, टोकाला पांढऱ्या. शेपट्यांच्या मुळाशी नारिंगी डाग आणि त्यात काळा ठिपका. हा डाग नीट लक्षात ठेवा, पुढे त्याचे काम आहे.

२. रंगाशिवाय निळा

आधी निळ्याचा उलगडा करू. पंखाचा रंग म्हणजे पंखावरच्या खवल्यांचा रंग. फुलपाखरू हाताळले की बोटाला भुकटी लागते, ते हेच खवले. नारिंगी, काळे, तपकिरी खवले रंगद्रव्यामुळे तसे दिसतात. ताजुरियाच्या निळ्या खवल्यांत मात्र निळे रंगद्रव्य शोधून सापडणार नाही. खवला ज्या पदार्थाचा बनतो तो कायटिन जवळजवळ रंगहीन असतो. निळा येतो तो खवल्याच्या रचनेतून.

खवला आडवा कापून इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला तर आत कायटिनचे पातळ थर दिसतात आणि थरांच्या मधे हवा. चिरोट्याचे पापुद्रे सुटलेले असावेत तसे. प्रत्येक थरावरून थोडा थोडा प्रकाश परततो. या परतलेल्या लाटा एकमेकींशी पावले जुळवून आल्या तर तो रंग उजळून दिसतो, पावले चुकली तर त्या एकमेकींना मारतात. कोणत्या रंगाची पावले जुळतील, हे थरांच्या जाडीवर ठरते.

एक सोपे गणित करून पाहू. लांबी नॅनोमीटरमध्ये मोजायची. मिलिमीटरचे दहा लाख तुकडे केले तर एक तुकडा म्हणजे एक नॅनोमीटर. निळ्या प्रकाशाची लाट सुमारे ४५० नॅनोमीटर लांब असते. समजा, कायटिनचा थर ७० जाड आहे आणि मधली हवा ११५. कायटिनमध्ये प्रकाश हवेपेक्षा १.५६ पट सावकाश चालतो, म्हणून तिथले अंतर तितके पट धरायचे: ७० गुणिले १.५६, म्हणजे १०९. त्यात हवेचे ११५ मिळवले की २२४. प्रकाशाला आत जाऊन परत यायचे असते, तेव्हा दुप्पट करा: ४४८. म्हणजे जवळपास निळ्याची एक पूर्ण लाट. खालच्या थरावरून परतलेली लाट वरच्या थरावरच्या लाटेपेक्षा बरोबर एका लाटेने मागे राहते, पावले जुळतात आणि निळा चमकतो. आकडे सोयीसाठी घेतले आहेत, खऱ्या खवल्यात थर इतके काटेकोर नसतात, त्यांना भोकेही असतात. पण हिशेब हाच.

या हिशेबाची परीक्षाही घेता येते. अशा रचनेच्या पंखावर स्पिरिटचा थेंब टाकला तर मधल्या हवेची जागा स्पिरिट घेते. स्पिरिटमध्ये प्रकाश सुमारे १.३६ पट सावकाश, म्हणजे ११५ चे झाले १५६. बेरीज २६५, दुप्पट ५३०. हा हिरवा! स्पिरिट उडून गेले की पंख पुन्हा निळा. मेलेल्या फुलपाखरावर संग्रहालयांत हा प्रयोग होत आलेला आहे. जिवंतावर करण्याचे काही कारण नाही. संग्रहालयात शंभर वर्षे पडून राहिलेल्या निळ्या पंखाची झळाळी टिकते तीही याचमुळे. रंगद्रव्य विटते, थर असेपर्यंत रचनेचा रंग विटत नाही.

निळ्या थराखाली काळ्या मेलॅनिनचा पडदा असतो, आणि तो महत्त्वाचा आहे. उरलेला सगळा प्रकाश तो गिळतो. तो नसता तर निळ्यात पांढुरका उजेड मिसळून सगळे फिके पडले असते.

आता हा भडक निळा वरच्या बाजूला आहे आणि फुलपाखरू बसते पंख मिटून. त्यामुळे उडताना निळ्याची उघडझाप होते, आणि फांदीवर टेकताच निळा गायब. डोळ्यांनी निळ्याचा पाठलाग करणाऱ्या पक्ष्यासमोर उरते एक राखाडी, वाळक्या पानासारखे काहीतरी. नराला हा निळा इतर नरांना हाकलायला आणि मादीच्या नजरेत भरायला हवा असतो, आणि शत्रूपासून तो लपवायचाही असतो. पंख मिटले की दोन्ही साधते.

३. तोंड कोणत्या बाजूला?

पण राखाडी रंगाने काम भागत नाही. पक्ष्यांची नजर तीक्ष्ण असते, आणि उड्या मारणारे कोळीही फांद्यांवर टपलेले असतात. इथे शेपट्यांचे काम सुरू होते.

मिटलेल्या पंखांचे ताजुरिया जवळून पाहा. पुढे खरे डोके आहे, पण ते लहान, राखाडी, नजरेत न भरणारे. मागे मात्र थाट आहे. नारिंगीत काळा ठिपका, तो डोळा. काळ्या-पांढऱ्या शेपट्या, त्या मिशा. फुलपाखरू बसल्या बसल्या मागचे पंख आळीपाळीने वरखाली घासते, तशा या 'मिशा' लकलक हालतात. खऱ्या मिशा त्या वेळी बहुतेक स्थिर असतात. या कुळातल्या काही जाती तर फांदीवर टेकताक्षणी गर्रकन उलट्या फिरतात. मागून पाठलाग करत आलेल्याला वाटते, हे आपल्याकडे तोंड करून बसले आहे.

आपल्याकडे मांडुळाला लोक दुतोंड्या म्हणतात. त्याची बोथट शेपटी डोक्यासारखी दिसते आणि डिवचले की ते शेपटी वर करून डोके वेटोळ्याखाली लपवते. साप आणि फुलपाखरू यांचा एकमेकांशी काही संबंध नाही, पण डाव तोच.

शिकारी डोक्यावरच का झेपावतो? डोके फोडले की भक्ष्य संपते, हे एक. दुसरे असे की पळणारा प्राणी पळतो तोंडाच्या दिशेने. त्याला गाठायचे तर थोडे पुढे झेपावावे लागते. खोट्या डोक्याच्या पुढे झेपावणारी चोच पडते शेपटीच्याही पलीकडे, आणि फुलपाखरू सुटते नेमके उलट्या दिशेला. शिकाऱ्याच्या तोंडात फार तर शेपटीचा तुकडा आणि पंखाची किनार उरते. मागच्या पंखाचा थोडा भाग गेला तरी फुलपाखरू बिनदिक्कत उडते. खरे डोके गेले असते तर खेळ खलास.

४. हे खरे कशावरून?

गोष्ट छान आहे, म्हणूनच तिच्याकडे जरा संशयाने पाहायला हवे. निसर्गातल्या प्रत्येक ठिपक्याला काहीतरी कारण चिकटवायची खोड अभ्यासकांनाही असते.

१९८१ मध्ये रॉबर्ट रॉबिन्स या अमेरिकन अभ्यासकाने दक्षिण आणि मध्य अमेरिकेतल्या या कुळातल्या फुलपाखरांचे फाटके पंख तपासले. ज्या जातींत फसवे डोके जास्त हुबेहूब, त्यांच्यात मागचा भाग तोडला जाण्याचे प्रमाणही जास्त निघाले. पुरावा चांगला, पण एक मेख आहे. फाटक्या पंखांचे फुलपाखरू सापडले म्हणजे ते वाचले. जी खाल्ली गेली ती मोजणार कोण? त्यामुळे एवढ्यावर विसंबून चालत नाही. प्रत्यक्ष हल्ला होताना पाहायला हवा.

तेही झाले. १९८५ च्या एका प्रयोगात साध्या पांढऱ्या कोबी-फुलपाखरांवर फसव्या डोक्याच्या खुणा रंगवल्या आणि ती ब्लू जे पक्ष्यांपुढे ठेवली. निष्कर्ष गमतीदार होता. खुणांचा फायदा पहिल्या झेपेपेक्षा नंतर, पक्षी भक्ष्य चोचीत फिरवत असताना जास्त झाला. पक्ष्याने चुकीचे टोक धरले की फुलपाखरू निसटायचे. २०१३ मध्ये फ्लोरिडात आंद्रेई सुराकोव यांनी शेपटीवाले फुलपाखरू उड्या मारणाऱ्या कोळ्यासमोर सोडले. कोळी पुन्हा पुन्हा खोट्या डोक्यावरच झडप घालत राहिला आणि फुलपाखरू दर वेळी सुटले. त्याच कोळ्याने बिनशेपटीची इतर फुलपाखरे मात्र सहज टिपली.

शेपटीच्या बांधणीवरही काम झाले आहे. फ्रान्समध्ये आढळणाऱ्या एका मोठ्या शेपटीवाल्या फुलपाखरावर २०२२ मध्ये संशोधन प्रसिद्ध झाले. ते फुलपाखरू ताजुरियाच्या कुळातले नाही, पण शेपटी तशीच. रानटी पक्ष्यांना नकली फुलपाखरे दाखवली तेव्हा बहुतेक टोचा मागच्या पंखावर आणि शेपटीवर पडल्या. आणि पंखाचा हा भाग इतर भागांपेक्षा सहज फाटणारा निघाला. ओढली की तुटणारी शेपटी. मजबूत असती तर तिने मालकालाच अडकवले असते.

आणि २०२५ मध्ये तिरुवनंतपुरमच्या आयसर संस्थेतल्या संशोधकांनी या कुळातल्या नऊशेहून अधिक जाती तपासून दाखवले की शेपटी, ठिपका, भडक रंग आणि मागच्या कडेचा डोक्यासारखा घाट ही लक्षणे उत्क्रांतीत एकमेकांच्या सोबतीने आली. योगायोगाने आली असती तर ती विखुरलेली दिसली असती.

पतंगांची शेपटी वेगळ्या शत्रूसाठी असते, हे जाता जाता सांगून टाकतो. अमेरिकेतल्या लूना पतंगाच्या लांब शेपट्या उडताना गरगरतात आणि वटवाघळाने सोडलेल्या आवाजाचा प्रतिध्वनी तिकडे खेचतात. २०१५ च्या प्रयोगात निम्म्याहून अधिक वेळा वटवाघळाने शेपटीवर हल्ला केला. रात्री डोळा फसवून उपयोग नाही, कान फसवावा लागतो.

५. बांडगुळाचा आश्रय

हे निळे राजे वाढतात कुठे? आंब्यावरच्या बांडगुळावर. बागायतदार ज्याला शिव्या देतो त्याच झुडपावर.

ताजुरियाची मादी बांडगुळावर अंडी घालते. अळी त्याचीच पाने, कोवळे कोंब आणि कळ्या खाते आणि कोषही तिथेच करते. ही माहिती आपल्याला आयती मिळालेली नाही. मुंबई इलाख्यातल्या तीन सरकारी नोकरांनी फावल्या वेळात अळ्या पाळून, त्यांना रोज ताजा पाला घालून ती जमवली: सनदी अधिकारी डेव्हिडसन, जंगल खात्यातले टी. आर. बेल आणि मिठाच्या व जकातीच्या खात्यातले ई. एच. एटकन. एटकन यांचा जन्म साताऱ्याचा, आणि १८८३ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन करणाऱ्या आठ जणांतले ते एक. तिघांनी मिळून उत्तर कानडा जिल्ह्यातल्या फुलपाखरांवर १८९६ मध्ये सोसायटीच्या नियतकालिकात लिहिले. बेल नंतर कारवारलाच राहिले आणि तिथेच १९४८ मध्ये वारले. कोणती अळी कोणत्या झाडावर, हे आज आपण पुस्तक उघडून सहज वाचतो, त्यातले बरेचसे या मंडळींच्या पडवीत ठेवलेल्या अळ्यांवरून कळलेले आहे.

बांडगूळ हे अर्धे परजीवी. त्याची पाने हिरवी असतात, अन्न ते स्वतः बनवते. आंब्याच्या फांदीत मुळासारखा अवयव घुसवून पाणी आणि क्षार मात्र फुकट घेते. ते एका झाडावरून दुसऱ्या झाडावर जाते कसे, हा वेगळा किस्सा आहे आणि तोही आपल्या कोकणातला. सालिम अली यांनी १९३१ मध्ये कोकणातल्या बांडगुळावर एक निबंध लिहिला. त्यात त्यांनी दाखवले की फुलांचे परागीकरण शिंजीर पक्षी करतो: पिकलेली पण न उघडलेली लांबट कळी चोचीने दाबली की ती फट्‌कन उघडते आणि पराग पक्ष्याच्या डोक्यावर उडतात. बियांचा प्रसार करतो इवलासा फुलटोच्या. तो फळ गिळतो, चिकट बी बाहेर पडते, आणि ते अंगाला चिकटून राहू नये म्हणून तो फांदीवर बूड घासतो. बी बरोबर हवे तिथे लागते! म्हणजे आंब्याने पाणी द्यायचे, शिंजिराने फळ धरवायचे, फुलटोच्याने लावणी करायची, तेव्हा कुठे निळ्या फुलपाखराच्या अळीला पान मिळते.

याच बांडगुळावर आणखी एक फुलपाखरू वाढते आणि ते तुम्ही नक्की पाहिलेले आहे: हळदीकुंकू. पंखांच्या खालच्या बाजूला पिवळे आणि लाल, संथ उडणारे, कोणाला न घाबरणारे. त्याची अंडी गठ्ठ्याने घातलेली, अळ्या घोळक्याने राहणाऱ्या. पक्ष्यांना ते बेचव लागते आणि भडक रंग हा त्याचा जाहीर इशारा असतो. ताजुरियाचे सगळे याच्या उलट. भडक रंग लपवायचा, झटकन उडायचे, बसल्यावर राखाडी व्हायचे आणि तरीही कोणी पाहिलेच तर त्याला चुकीचे तोंड दाखवायचे. एकाच झुडपाची पाने खाऊन वाढलेल्या दोघांनी जीव वाचवण्याचे इतके विरुद्ध मार्ग धरावेत, याचे मला शेपटीपेक्षाही जास्त नवल वाटते.

बांडगुळाची ही आवड ताजुरियापुरती नाही. आफ्रिकेत आयोलाउस नावाची त्याची जवळची नातलग प्रजाती आहे. तीही निळी, तीही शेपट्यांची, आणि तिच्या बहुतेक जातींच्या अळ्या तिथल्या बांडगुळांवरच पोसतात.

आता बागायतदाराचे काय? आंब्याची फांदी बांडगुळाने वाळत असेल तर ती तोडावी, यात वाद नाही. माझे म्हणणे इतकेच की रस्त्याकडेच्या जुन्या झाडांवर, देवराईत आणि गावठाणातल्या आंब्यांवर, जिथे कोणाचे पीक अवलंबून नाही, तिथेही कोयता चालवायची घाई कशाला?

६. शोधायचे तर

पावसाळा सरल्यावर बांडगूळ असलेला एखादा जुना आंबा निवडा आणि मान वर करून थांबा, कारण हे फुलपाखरू शेंड्याशी जास्त रमते. दुर्बीण जवळ असावी. निळा चमकला की त्याचा पाठलाग करू नका. तो नाहीसा होतो ती फांदी लक्षात ठेवा आणि तिथे बारीक हालणाऱ्या शेपट्या शोधा. त्या भागात शेपटीवाले इतरही नातलग भेटतील. कॉमन इम्पीरियलची पांढरी शेपटी तर पंखापेक्षा लांब वाटते, आणि फ्लफी टिटची शेपटी कापसाच्या वातीसारखी मऊ दिसते.

फाटके फुलपाखरू दिसले तर निराश होऊ नका, उलट नीट पाहा. डाव्या आणि उजव्या मागच्या पंखांचा तुकडा सारख्याच आकाराचा आणि सारख्याच जागी तुटलेला असेल तर हल्ला झाला तेव्हा पंख मिटलेले होते; एकाच टोचेत दोन्ही पंख सापडले. तुकडा एकाच बाजूचा असेल तर बहुधा ते उडताना किंवा पंख उघडे असताना पकडले गेले. तुटक्या कडेचा आकारही वाचता येतो. व्ही आकाराची स्वच्छ खाच बहुधा चोचीची असते, वेडीवाकडी फाट काट्याची किंवा नुसत्या वयाची. शेपट्या दोन्ही बाजूंच्या गेलेल्या आणि पुढचे पंख शाबूत, असा नमुना सापडला तर एक फोटो मागून आणि एक बाजूने घ्या. बाजूच्या फोटोत मिटलेल्या पंखांच्या खाचा एकमेकींवर बसतात की नाही ते लगेच कळते.